नव्या नंबरची जमीन

चष्म्याच्या दुकानात किस्से साठतात ते ड्रॉवरमधल्या तुटक्या काड्यांसारखे. उपयोग काही नाही, पण टाकवत नाहीत.

बी.एस्सी. होऊन मी पनवेलच्या एसटी स्टँडजवळ अण्णांच्या दुकानात लागले, ते नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला. डोळे तपासायच्या अक्षरांच्या पेटीतला बल्ब तापल्याचा वास अजून आठवतो. तीन महिने ट्रायल. अण्णांनी पहिल्याच दिवशी बजावलं, "तू दिलेले तीन चष्मे परत आले, की तूही परत घरी." आधीच मी दार करकरलं तरी दचकणारी. मग तर गिऱ्हाईक आत आलं की आधी त्याच्या हातात परत आणलेला चष्मा आहे का, ते बघायची.

*

तळोज्याच्या कारखान्यातले एक ऑपरेटर. पहिलाच बायफोकल. दुसऱ्या दिवशी सपाट फरशीवर जिना चढल्यासारखे पाय उचलत आले.

"मॅडम, जमीन वर आलीय."

मी घाबरून खाली बघितलं.

अण्णा म्हणाले, "चष्मा डोळ्यांना काल मिळाला. मेंदूला आठ दिवसांनी मिळेल."

"तोवर मी पडेन त्याचं काय?" त्यांनी चष्मा काउंटरवर ठेवला. एक.

*

शाळेतल्या चित्रकलेच्या बाईंना तिरका नंबर निघाला. नव्या चष्म्यातून भिंतीवरच्या तसबिरी वाकड्या दिसल्या, म्हणून बाईंनी त्या सगळ्या 'सरळ' केल्या. दुसऱ्या दिवशी चष्मा परत घेऊन आल्या.

"सासूबाई विचारतायत, भूकंप कधी झाला?" दोन.

*

दुकानात एक चित्र होतं. दोन रेघा सारख्याच, पण टोकांच्या बाणांमुळे एक लांब वाटायची. सगळे फसायचे. फिजिक्स घेऊन मीही. उरणकडची मासेवाली जनाबाई मात्र लगेच म्हणाली, "दोनी सारक्याच."

"कसं कळलं?"

"जाल्याची भोकं लहान-मोटी झाली तर मावरं पलतं ना."

*

त्याच जनाबाईचा मोतीबिंदू काढला. तेव्हा ऑपरेशननंतर जाड भिंगाचा चष्मा लागायचा. तो मीच दिला. आठ दिवसांनी ती टोपलीसकट दुकानात.

"पोरी, तुज्या चष्म्यात मावरं मोटं होतं, टोपलीत नाय. मी सांगते मोटं पापलेट, गिऱ्हाईक बोलतं बारीक हाय. रोजची भांडनं. असंच चाललं तर कोन येल माज्याकडं?"

"सवय होते हळूहळू," मी पुटपुटले.

अण्णांनी माझ्याकडे न बघता हात पुढे केला. "आण, जनाबाई. परत घेतो."

तिने चष्मा दोन्ही हातांनी कानांवर दाबून धरला.

"दिसाया लागलंय, तं परत कशाला देऊ, शेट? आनखी दोन दे याच नंबरचे. गिऱ्हायकांना घालाया."