रामाजींची तुकडी

इतिहासाच्या तासाला सीताबर्डीची लढाई आली की मनोहररावांचा आवाज चढायचा. इंग्रज मूठभर, भोसल्यांची फौज एवढी मोठी, तरी आपण हरलो म्हणजे काय! आम्ही बाकीचे मास्तर चहा पीत हसायचो. अठराशे सतरा साली झालेला पराभव हा माणूस काल झाल्यासारखा मनाला लावून घेई.

शहाऐंशी साली शाळेत कॉम्प्युटर आला. त्या खोलीत देवघरासारखं चपला काढून जायचं. मनोहररावांनी गणिताच्या जया मॅडमच्या मागे लागून त्यावर हीच लढाई बसवून घेतली. दोन टेकड्या, नाग नदी, आणि तुकड्या म्हणून छोटे चौकोन. खेळणाऱ्यानं भोसल्यांचा सेनापती व्हायचं. स्नेहसंमेलनात सगळ्यांसमोर लढाई जिंकून दाखवतो, असं ते गावभर सांगून बसले.

आणि रोज हरू लागले. मी चित्रकलेचा मास्तर, मला तलवार कुठून धरतात ते ठाऊक नाही, पण मीही जिंकलो. त्यांची गोची एकच होती. नदीकाठची एक तुकडी ते जागची हलवतच नसत.

"सर, तिले काहून ठेवून राहिले तुम्ही? पाठवा ना टेकडीवर," जया म्हणाली.

"त्यात आमचे रामाजी आहेत."

रामाजी म्हणजे त्यांच्या खापरपणजोबांचे वडील. लढाईला गेले ते परतलेच नाहीत. मेल्याची तिथी माहीत नाही, म्हणून मनोहररावांची आई जिजाबाई दर सर्वपित्रीला त्यांचं पान वाढायची. मला हसू आलं होतं, ते तिथंच विरलं.

संमेलनाला जिजाबाई पहिल्या रांगेत होत्या. लढाई रंगली. आता नदीकाठची ती तुकडी वर चढली की टेकडी आपली. पोरं ओरडली, "पाठवा सर!"

मनोहररावांनी बटण दाबलं. चौकोन हलला, पण टेकडीकडे नाही. मागे, शहरातल्या महाल वस्तीकडे गेला आणि पडद्याबाहेर निघून गेला. टेकडी इंग्रजांकडेच राहिली. लोक खो खो हसले. मला त्यांचा भयंकर राग आला, मनोहररावांचा नव्हे, हसणाऱ्यांचा.

परतताना मी त्यांच्यासोबतच होतो.

"हरला का गा, मनोहर?" म्हातारीनं विचारलं.

"हरलो, आई."

"अन् रामाजी?"

"घरी पाठवले."

"बरं केलं," ती म्हणाली. "बायको दोन जिवांची होती त्यायची."