पोपच्या सुधारणा आणि पहिलं वाचन

आमचं मंडळ म्हणजे दुबईतले वसईकर ख्रिस्ती. महिन्यातून एकदा चर्चमध्ये मराठी मिस्सा, म्हणजे सामुदायिक उपासना होते, मिस्सेनंतर हॉलमध्ये चहा आणि चहाबरोबर भांडण. भांडणाचा विषय एकच, मिस्सेत बायबलचं पहिलं वाचन कुणी करायचं. गेली आठ वर्षं हा प्रश्न आमचे चिटणीस सोडवत आले. एका महिन्यात त्यांची बायको वाचायची, दुसऱ्या महिन्यात मेहुणी, आणि लोकशाही फारच बोकाळली की अध्यक्षांची सून. चिटणीस माझा नवरा आहे, तेव्हा बायको कोण हे सांगायला नको.

मी इथल्या शाळेत इतिहास शिकवते. म्हणून सप्टेंबरात फादर म्हणाले, "टीचर, मध्ययुगातल्या एखाद्या पोपवर दहा मिनिटं बोला." मी अकराव्या शतकातले एक पोप निवडले. माणूस भलताच कडक. त्या काळी बिशपपद पैसे मोजून मिळायचं, धर्मगुरूंना बायकामुलं असायची आणि देवळाची इस्टेट बापाकडून पोराकडे जायची. यांनी सगळ्यालाच चाप लावला. पदं विकायची नाहीत, धर्मगुरूंनी संसार थाटायचा नाही आणि बिशप राजानं नेमायचा नाही. एका राजानं ऐकलं नाही, तर त्याला धर्माबाहेर काढलं. तो तीन दिवस बर्फात अनवाणी उभा राहिला, तेव्हा कुठे माफी मिळाली. बर्फ म्हटल्याबरोबर हॉलमधल्या निम्म्या लोकांनी एसीकडे पाहिलं. शेवटी या पोपनाच रोम सोडावं लागलं आणि ते परमुलखात वारले, हे मी हळू आवाजात उरकलं.

भाषण मी असं रंगवलं की सगळे माझ्या नवऱ्याकडे बघायला लागले. तो चहाच्या कपात बघत होता. तेवढ्यात मागून एक माणूस उभा राहिला. आमच्या वसईकडचाच एक वेल्डर, अल कुसैसला लेबर कॅम्पमध्ये राहणारा. दोन बस बदलून मिस्सेला यायचा आणि तीन वर्षं चिटणिसांना एकच विचारायचा, एकदा मला वाचू द्याल का? उत्तरही ठरलेलं, "इन्शाल्ला, पुढच्या महिन्यात." ख्रिस्ती मंडळाचा चिटणीस नकार द्यायला अरबी वापरतो, एवढाच आमचा सर्वधर्मसमभाव.

"टीचर," तो म्हणाला, "ऑक्टोबरची मिस्सा माझी शेवटची. व्हिसा कॅन्सल झालाय, खलास. गावी आई आहे. मी दुबईत देवळात वाचलं, एवढं तिला सांगायचंय."

त्याला वाचन देऊन टाकायचं, इतकं सोपं काम होतं. पण माझ्या अंगात आता पोप शिरले होते. उपकार कशाला, न्यायच करू! मी तिथल्या तिथे ठराव मांडला, की यापुढे वाचनासाठी चिठ्ठ्या काढायच्या. वर स्वतःच्या हातानं नियम लिहिला, की निघालेली चिठ्ठी कुणी कुणाला द्यायची नाही, नाहीतर पुन्हा बायकामेहुण्यांचं राज्य. ठराव पास झाला आणि नवऱ्यानं चिटणीस म्हणून सही केली.

मिस्सेच्या आठ दिवस आधी खास त्यासाठी सगळे हॉलमध्ये जमले आणि फादरांनी सगळ्यांची नावं टाकलेल्या बिस्किटांच्या डब्यातून चिठ्ठी काढली. नाव निघालं माझं.

हॉल जो हसला! अध्यक्ष म्हणाले, "पोपबाईंचा विजय असो." नवरा कानाशी येऊन म्हणाला, "दे ना त्याला. कोण काय म्हणणार आहे?" आठ वर्षांत तो पहिल्यांदा शहाण्यासारखं बोलला होता, म्हणूनच मला ते ऐकवेना. माझा नियम मीच मोडला असता, तर कमिटी वर्षभर दात काढत बसली असती. मी सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले, "नियम म्हणजे नियम."

"बरोबर आहे, टीचर," वेल्डर म्हणाला. माझं भाषण मनापासून पटलेला हॉलमध्ये तेवढा एकच.

एक गोष्ट मी भाषणात गाळली होती. पोप कार्डिनलांनी, म्हणजे सर्वांत वरच्या धर्मगुरूंनी निवडायचा, हा नियम सुधारणावाल्यांनीच केलेला. पण या पोपना रोमच्या गर्दीनं उचलून गादीवर बसवलं आणि कार्डिनलांनी मागाहून मान डोलावली. एवढ्या कडक माणसालाही एकदा सवलत चालून गेली होती. मला ते चांगलं माहीत होतं, पण माझा मुद्दा लंगडा पडला असता.

ऑक्टोबरच्या मिस्सेत मी नवी साडी नेसून वाचलं. तो शेवटच्या बाकावर होता, कडक इस्त्रीचा पांढरा शर्ट घालून. मी वाचत असताना त्याचे ओठ हलत होते.

मिस्सेनंतर तो गेटपाशी थांबला होता. "छान वाचलंत," म्हणाला. मग जरा चाचरत, "मधलं एक वाक्य राहिलं, टीचर. मला सगळं पाठ आहे म्हणून कळलं."

"आईला काय सांगणार?" मी विचारलं.

"तुमचं भाषण झालं त्याच दिवशी तिला फोन केला होता, की या वेळी मला नक्की मिळणार. तिनं सगळ्या आळीला सांगितलंय. आता वाचलं असंच सांगेन. खोटं बोलणार म्हणून फादरांकडे आधीच कन्फेशन करून आलोय."

त्यानं हात जोडले आणि तो बसस्टॉपकडे निघाला.