आधी निम्मं कर

दोऱ्याचं टोक दातात धरून चाची कापडाची घडी घालायची, मधोमध अंगठा दाबायची आन् म्हनायची, "आधी निम्मं कर. मग काय भ्यायचं ते भी."

कोरेगावात आमच्या दारासमोर तिचं दार. जुन्या साड्यांच्या वाकळा शिवायची. अशी एखादी तुमच्या बी गल्लीत असंलच बघा, जिचं नाव कुनालाच ठावं नसतं, ल्हानमोठ्यांची नुसती चाची. नवरा कवाच गेलेला, ल्योक मिरजेला. दिसायला कमी आलेलं, पन हात चालत व्हता. सुई ओवायची तेवढी मला हाक मारायची, "ये गं भित्रे, डोळं घिऊन ये."

भित्री म्हनजे मी. खोटं कशाला बोलू, बाळ शिंकलं तरी मला भ्या, लय येळ झोपलं तरी भ्या, श्वास चाललाय का म्हनून नाकाशी बोट धरून बसायची. मालक मिल्ट्रीत, दोन दिस फोन न्हाई आला की जेवन जायचं न्हाई. आन् सगळ्यात जास्ती भ्या गणिताचं. दहावीला त्यातच दोनदा नापास झालेले. सासूबाई म्हनल्या, "ह्यो शेवटचा फारम. न्हाई झालीस पास तर पुस्तकं बंबात घालीन." म्हनून मांडीवर बाळ आन् बाळावर पुस्तक असं मी चाचीच्या दारात बसायची.

बाळाची वाकळ चाचीनंच शिवायला घेतली. माझ्या आईचं एक लुगडं, सासूबाईंचं एक. म्हनली, "मधी शंकरपाळी लावू. टोकापास्नं टोकापातुर उभी चोवीस इंच, आडवी अठरा. कडंनं लावाय लाल लेस आन."

"आवं चाची, ह्यो तर पुस्तकातला समभुज चौकोन. कर्ण दिल्यात, परिमिती काढायची. लेस किती लागती मी सांगते." वही काढली. चोवीसचा वर्ग, अठराचा वर्ग, बेरीज नऊशे, वर्गमूळ तीस. चार बाजू, एकशेवीस इंच. बाजारात गेले आन् दहा फूट लेस घिऊन आले, मान ताठ करून.

चाचीनं लेस मनगटाला गुंडाळली, गुंडाळतच ऱ्हायली. मग हसाय लागली. "अगं, ह्यात दोन शंकरपाळ्या व्हत्यात. जावंला बी आनलीस का काय?"

मला रडूच आलं. परीक्षा म्हयन्यावर आलेली.

तिनं लाल कापड घेतलं. उभी घडी घातली, मग आडवी. चार पदर झालं. घडीच्या मधल्या कोपऱ्यापास्नं एका कडंनं बारा इंचावर खूण केली, दुसऱ्या कडंनं नवावर, आन् एका खुणंपास्नं दुसरीपातुर तिरका एकच काप. उघडलं तर शंकरपाळी.

"चारी बाजू सारख्या का? एकाच कापात निघाल्या म्हनून. लाव टेप त्या तिरक्याला."

लावली. पंधरा. चार येळा पंधरा, साठ. मी अख्खंच कर्ण धरलेलं, निम्मं करायचंच ऱ्हायलेलं.

"म्हनजे पुस्तकातला काटकोन त्यो ह्यो घडीचा कोपरा व्हय, चाची?"

"मला काय ठावं तुझा काटकोन."

उरलेली लेस तिनं बिस्किटाच्या डब्यात ठिवली. "ऱ्हाऊ दे. साऱ्या गावाच्या शिवल्या, माझी मातुर कवा झाली न्हाई. तुझी परीक्षा झाली की एक मला शिवू. तू सुया ओवून दे."

पेपरात नंबर बी आधी चुकीचाच लिवला. आन् त्योच प्रश्न आला, कर्ण दहा आन् चोवीस. मी कच्च्या कागदाची घडी घातली, उभी, मग आडवी. पाच, बारा, तिरका तेरा. बावन्न. बाकीचं काय लिवलं देवाला ठावं.

निकाल लागला त्या सकाळी मी बाळाला डोस द्यायला दवाखान्यात गेलेले. तिथंच मोबाईलवर बघितलं. काठावर का हुईना, पास. बाळ कडंवर, तशीच पळत आले, सासूबाईंच्या आधी चाचीला सांगायचं म्हनून. दाराला कुलूप.

सासूबाई म्हनल्या, "ल्योक घिऊन गेला मिरजेला. डोळं लयच गेल्यात, एकटी नगं म्हनला. तुला हाका मारत व्हती गं. ह्यो डबा दिलाय."

बिस्किटाचा डबा. तिच्याकडं फोन न्हाई, ल्योकाचा नंबर गल्लीत कुनाकडं न्हाई. तिकडं तिला सुई कोन ओवून देत असंल, का शिवतच नसंल, ह्येच घोळत ऱ्हातं माझ्या डोक्यात.

थंडीला मी दुसरी वाकळ शिवली. घडी घातली, निम्मं केलं, एकच काप. डब्यातली लेस फिरवत आनली तर टोकाला टोक बरूबर भिडलं. मान वर केली सांगाय, तर समोर कुलूप.

वाकळ पेटीवर घडी करून ठिवलीया, कुनाला पांघरू देत न्हाई. तिच्या कोपऱ्यात तीन सुया टोचल्यात, दोरा ओवून.