अकराची न्याहारी

सुमो दारात येऊन उभी राहिली तेव्हा दुपारचे तीन वाजले होते आणि दादांचा पत्ता नव्हता. दादा म्हणजे आमचे वडील. नालासोपाऱ्याच्या पश्चिमेला, गास गावात आमची केळीची वाडी. घर वाडीच्या तोंडाशीच. माझं लग्न होऊन चार महिने झाले होते. सुधीर आधीच मेलबर्नला जाऊन नोकरीला लागला होता आणि शहाण्णवच्या नोव्हेंबरात मी त्याच्यामागून निघाले होते. ड्रायव्हरनं दोनदा हॉर्न वाजवला, तेव्हा कुठे दादा आले. पाय चिखलानं भरलेले, हातात वर्तमानपत्रात गुंडाळलेली सुकेळी. पिकलेली केळी सोलून उन्हात वाळवून आम्ही ती करतो. "तिकडं केळी मिलतात का नाय, कोन जाने," म्हणाले आणि ते पुडकं माझ्या पर्समध्ये कोंबू लागले. त्यांना माझ्याकडे बघायचं नव्हतं, म्हणून ते पर्सच्या चेनशी फार वेळ झटत राहिले.

ताई फाटकापाशी उभी होती. माझ्यापेक्षा सहा वर्षांनी मोठी. आई गेली तेव्हा मी बारा वर्षांची होते आणि त्या दिवसापासून आमची चूल ताईकडे आली. वसईत एका पतपेढीत ती क्लार्क होती. तिचं लग्न 'बघू पुढच्या वर्षी' म्हणत राहून गेलं होतं. माझा पाय गाडीच्या पायरीवर अडखळला तशी ती म्हणाली, "तू जा. मी आहे इथे."

परदेशी निघालेल्या प्रत्येकाला हे वाक्य कुणीतरी म्हणालेलं असतं. म्हणणाऱ्याचा धीर संपत आलेला असतो, म्हणूनच तो तसं म्हणतो. मी ते अगदी शब्दशः घेतलं. ती आहे तिथे, तर मग झालं!

सुकेळी मेलबर्नच्या विमानतळावरच गेली. हातमोजे घातलेल्या बाईनं पुडकं उघडलं, वास घेतला आणि बाजूच्या पिंपात टाकलं. फोनवर मी दादांना सांगितलं, फार गोड होती, सुधीरनं अर्धी एकट्यानं संपवली. तिथून खोटं बोलायला सुरुवात झाली असं आज वाटतं. तेव्हा मात्र ते प्रेमच वाटलं होतं.

दीड वर्षानं मला एका कॅफेच्या किचनमध्ये काम मिळालं. मालकीण एलेनी, ग्रीक, साठीची. आठवडाभर कॉफी आणि सँडविच, पण शनिवार-रविवारी ब्रंच. न्याहारी आणि जेवण यांच्या मधलं हे खाणं लोक दहा-साडेदहाला उठून अकरा वाजता, गॉगल लावून, बाहेर उन्हात बसून खात. गासला अकरा वाजता कुणी न्याहारी करताना दिसला, तर आजारी आहेस का म्हणून विचारतील. दादांचं तोवर अर्ध्या वाडीला पाणी सोडून झालेलं असायचं.

एलेनीनं मला फ्रेंच टोस्ट शिकवला. ब्रेड जाड कापायचा, तोही आदल्या दिवशीचा. अंडी, दूध, साखर, व्हॅनिला आणि चिमूटभर दालचिनी फेटून त्यात तो दोन्ही बाजूंनी मुरवायचा, पण तुटण्याइतका मऊ होऊ द्यायचा नाही. मग लोण्यावर मंद आच. वर साखरेत परतलेली केळी, स्ट्रॉबेरी, आणि शेवटी मेपल सिरपची धार. माझा टोस्ट चांगला व्हायचा. लोक प्लेट पुसून खायचे. केळ्याचा नेमका कुठला क्षण पकडायचा, साल कधी ठिपक्यांची झाली की गर परतायला योग्य होतो, हे मला कुणी शिकवावं लागलं नाही. "तुझा बाप केळीवाला आहे हे कळतं," असं एलेनी म्हणायची. मला त्याचा अभिमान वाटायचा. बापाची केळी खाणारं तिकडे कुणी उरलंय का, हे मात्र मी विचारत नव्हते.

नव्व्याण्णवला दादांना साखर निघाली. ताईनं फोनवर सांगितलं तेव्हा तिचा आवाज एखादी यादी वाचल्यासारखा होता. चहा बिनसाखरेचा, भात एक वाटी, केळं बंद. केळीवाल्याला केळं बंद! दादा माझ्याजवळ गाऱ्हाणं करायचे, "तुजी ताई पोलीस झालीया." आणि मी सातासमुद्रापलीकडून ताईला उपदेश करायचे. इतकं काय कडक वागतेस, म्हाताऱ्या माणसाला थोडं तरी सुख नको का? ताई त्यावर एवढंच विचारायची, रोहन बरा आहे ना. रोहन म्हणजे माझा मुलगा, तेव्हा रांगत होता.

तुमच्यापैकी जे तिथे राहिले, त्यांनी असे फोन ऐकले असतील. मी असे फोन केले आहेत.

दोन हजार तीनच्या डिसेंबरात आम्ही तीन आठवड्यांसाठी आलो. दादा वाळले होते, पण सकाळ-संध्याकाळ वाडीत जात होते. रोहनला खांद्यावर घ्यायचा हट्ट केला त्यांनी, ताईनं घेऊ दिलं नाही. नाताळ जवळ आला होता. शेजारी इनास काकांच्या घरावर कागदाची चांदणी लागली होती. मला काय वाटलं कुणास ठाऊक, म्हटलं, रविवारी मी ब्रंच करते. सगळ्यांना ओटीवर बसवून खाऊ घालते. सुधीर त्या आठवड्यात विरारला त्याच्या आईवडिलांकडे होता. तो त्यांना घेऊन येईल. त्याच रविवारी ताईला कामणला मैत्रिणीच्या मुलीच्या लग्नाला जायचं होतं. पतपेढी वगळता कितीतरी वर्षांत ती दिवसभरासाठी कुठे गेली नव्हती. मी म्हणाले, "जा ना बिनधास्त. एक दिवस मी बघते दादांचं."

साखरेवरून आमची चांगली अर्धा तास घासाघीस झाली. शेवटी ठरलं की दादांना अर्धा स्लाइस, साखर न घालता, वर पपईच्या दोन फोडी. सिरप नाही. माझ्या समंजसपणाचं मलाच कौतुक वाटलं. जाताना ताई म्हणाली, "आठला गोळी, साडेआठला न्याहारी. भाकरी करून ठेवलीय, फडक्यात. वेळ चुकवू नकोस, मीना. गोळी घेतली की पोटात काहीतरी जायलाच हवं." तिनं जांभळी नारायण पेठ नेसली होती. फार छान दिसत होती. हे मी तिला सांगितलं नाही, कारण माझं लक्ष अंड्यांकडे होतं.

आठला मी दादांना गोळी दिली. साडेआठला ते स्वयंपाकघराच्या दारात आले. म्हणाले, "भाकरी दे गं, भूक लागलीया." मी दालचिनी कुटत होते. मी म्हणाले, "दादा, आज थांबा ना थोडं. आत्ता पोट भरलंत तर मग काय मजा? सगळे मिळून खाऊ अकराला."

ते हसले. "थांबतो," म्हणाले. "तू केलेलं कदी खाल्लंय मी?"

अकराला कुणी आलं नाही. सुधीरचा फोन आला, सासूबाईंना वेळ लागतोय, रिक्षा मिळत नाही. मी ओटीवर चादर अंथरली, केळी परतून ठेवली, रोहनला दोनदा स्वयंपाकघरातून हाकललं. सव्वाअकराला बाहेर आले तर दादा खांबाला टेकून बसले होते आणि त्यांचा सदरा घामानं भिजला होता. डिसेंबरात! मला वाटलं, ऊन लागलं. "आत या सावलीत," मी म्हणाले. ते काहीतरी पुटपुटले, शब्द लागला नाही. उठले, आत यायच्या ऐवजी वाडीच्या दिशेला वळले आणि ओटीच्या तीन पायऱ्यांवरून खाली गेले.

हाड मोडल्याचा आवाज होतो. तो मला तोवर माहीत नव्हता.

माझी किंकाळी ऐकून इनास काका कुंपण ओलांडून आले. त्यांच्या बायकोलाही साखर होती. दादांच्या कपाळाला हात लावून ते ओरडले, "साखर उतरलीय यांची! गोड आण काहीतरी, लवकर!" मी धावले आणि हाताला पहिलं लागलं ते आणलं, मेलबर्नहून आणलेलं मेपल सिरप. चमच्या-चमच्यानं त्यांच्या ओठांवर घातलं. ते चाटत राहिले. पाच-सात मिनिटांनी त्यांनी मला ओळखलं आणि मग मांडीकडे हात नेऊन विव्हळायला लागले. सुधीरची रिक्षा तेव्हा फाटकात शिरत होती.

खुब्याचं हाड मोडलं होतं. संध्याकाळी ताई हॉस्पिटलात आली ती त्याच साडीत. तिनं विचारलं, "काय झालं?" मी तोंड उघडायच्या आत दादा म्हणाले, "पायरीवर शेवाल होतं. घसरलो." मग तिनं न विचारताच म्हणाले, "भाकरी खाल्ली होती मी सकालीच."

ताईनं माझ्याकडे पाहिलं. मी दादांच्या पायावरची चादर नीट केली.

त्यांचं ऑपरेशन झालं आणि आमची परतीची तारीख आली. रोहनची शाळा, सुधीरची रजा, सगळं खरं होतं. थांबता आलं नसतं असं मात्र नव्हतं. मी एकटी थांबू शकले असते. मी थांबले नाही, कारण त्या घरात ताईच्या समोर रोज उठणं मला झेपलं नसतं.

दादा नंतर वीस महिने जगले. वॉकर घेऊन ओटीपर्यंत, मग खाटेपर्यंत, मग खाटेवरच. वाडीत ते पुन्हा उतरले नाहीत. ताईनं पतपेढीतली नोकरी सोडली. अंग पुसणं, भांडं देणं, पाठीला जखमा होऊ नयेत म्हणून दर दोन तासांनी कूस बदलणं, हे सगळं ती एकटी करत होती. मी दर रविवारी फोन करायचे. कॅफेतला ब्रंच आटोपला की हात धुऊन, ॲप्रनसकट. ताई सगळं सांगायची आणि शेवटी थोडा वेळ काहीच बोलायची नाही. फोन ठेवायचीही नाही. मला वाटायचं, दमली असेल.

दादा गेले तेव्हा मी पोचेपर्यंत तिसरा दिवस उजाडला होता. तेराव्यानंतर पाहुणे पांगले. दुपारी आम्ही दोघीच मागच्या पडवीत तांदूळ निवडत बसलो होतो. मी सांगितलं. गोळी, भाकरी मागायला आलेले दादा, 'थांबा ना थोडं', सगळं. सांगताना मी रडत होते. ती रडत नव्हती.

"मला माहीत आहे," ताई म्हणाली.

"इनास काकांनी सांगितलं?"

"कुणी कशाला सांगायला हवं? मी घरी आले त्या रात्री, तर भाकरी फडक्यात होती तशीच होती. मी गाईला घातली." तिनं सुपातला एक खडा उचलून बाजूला टाकला. "चूक कुणाच्याही हातून होते, मीना. माझ्याही हातून झाली असती एखाद्या दिवशी. पण वीस महिने मी दर रविवारी फोनवर वाट बघत होते, आज सांगेल म्हणून. दादांना खोटं बोलायला लावलंस तू. मरेपर्यंत ते त्या शेवाळाचं सांगत होते. मी रोज पायरी घासते, मला माहीत नाही का तिथे शेवाळ आहे की नाही?"

मी तिचा हात धरला. तिनं तो सोडवून घेतला नाही, पण तो माझ्या हातात नुसता पडून होता.

त्याला आता बरीच वर्षं झाली. ताई त्याच घरात एकटी राहते, वाडी तिनं कसायला दिली आहे. मी दोन वर्षांतून एकदा जाते. ती मला आवडीचं करून वाढते, रोहनचं विचारते, माझ्या खोलीत धुतलेली चादर घालते. भांडण आमचं कधीच झालं नाही. मी तिला मेलबर्नला बोलावते, ती म्हणते, बघू. कॅफे मी सोडलं. घरी रविवारी रोहन फ्रेंच टोस्ट मागतो, मी करून देते आणि मी स्वतः सकाळी आठलाच खाऊन घेतलेलं असतं.

इथे कुणी विचारतं, 'होम' कुठे तुमचं? मी गास म्हणते, सवयीनं. आपल्याकडे निघणारा 'जातो' म्हणत नाही, 'येतो' म्हणतो; आणि राहणारा 'ये' म्हणतो. गेल्या खेपेला टॅक्सीत बसताना मी म्हणाले, "ताई, येते हं."

ती फाटकाची कडी लावत होती. मान वर न करता म्हणाली, "हो. जा."

त्यात राग नव्हता. आवाज अगदी नेहमीचा होता. गाडी वळेपर्यंत मी मागे बघत राहिले आणि ती तोवर घरात गेलेली होती.