मंजनाची डबी

तंबाखूचा मला पहिल्यापासून तिटकारा. लग्न होऊन अमरावतीहून रायपुरात आले तेव्हा राज्य नवंकोरं होतं. जो तो आपल्या दुकानाच्या पाटीवर 'राजधानी' लिहून घेत होता आणि नवऱ्याच्या नव्या सरकारी ऑफिसातले लोक आमच्याकडे येऊन गुटखा चघळत बसत. मला दिवस गेल्यावर मी त्यांचं बसणं बंद केलं. सिगारेट ओढणाऱ्या एका साहेबांना तर चहाही फाटकाबाहेर नेऊन दिला. नवरा म्हणाला, तू माझी बदली करवशील. मी म्हटलं, होऊ दे. डोकेदुखीची साधी गोळीसुद्धा डॉक्टरांना विचारल्याशिवाय न घेणारी बाई मी.

मळमळ मात्र थांबेना. ब्रश तोंडात घातला की उलटी. तेव्हा सासूबाईंनी त्यांची गुडाखूची डबी पुढे केली. त्यांचा जन्म इथल्याच रेल्वे क्वार्टरमधला. पाऱ्यातल्या, म्हणजे मोहल्ल्यातल्या, बाकीच्या बायकांसारख्या त्याही सकाळी पायरीवर बसून ते काळं, गुळचट मंजन बोटाने दातांना लावत आणि अर्धा तास गप्पा मारत. मी जरासं घासलं. आधी डोकं गरगरलं, मग बरं वाटलं आणि उलटी खरंच थांबली. मी माहेरी फोन करून सासूचं कौतुक केलं. पुढे दुपारीही घासायला लागले, मग झोपण्याआधीही. पायरीवर माझीही जागा ठरून गेली.

दर तपासणीला डॉक्टरीणबाई विचारत, तंबाखू, दारू, काही? मी दर वेळी फणकाऱ्याने नाही म्हणे.

सातव्या महिन्यात त्यांनी पोट मोजलं, पुन्हा मोजलं आणि सोनोग्राफी करायला लावली. बाळ महिन्यांच्या मानाने फारच लहान होतं. रक्त, बीपी, जेवणखाण, सगळं विचारून झालं, कुठेच काही सापडेना. शेजारी उभी असलेली नर्स इकडचीच. ती माझ्या तर्जनीकडे बघत होती. नखाच्या कडेला काळं साचलं होतं.

"दीदी, गुड़ाखू करथव का?" तिने विचारलं.

करते की, मी म्हटलं, मंजनच तर आहे.

डॉक्टरीणबाईंनी पेन खाली ठेवलं. "उसमें तंबाकू ही होता है," त्या म्हणाल्या. मग समजावून सांगितलं. त्यातल्या निकोटीनने रक्तवाहिन्या आकसतात, वारेतून बाळापर्यंत रक्त आणि ऑक्सिजन कमी पोचतो, वाढ खुंटते, वेळेआधी कळा येऊ शकतात. हेच एक कारण असेल असं नाही, पण आजपासून बंद.

चार महिने रोज, दिवसातून तीनदा, मी माझ्या हाताने पोटातल्या बाळाला ते देत होते, आणि वर साहेबांना फाटकाबाहेर काढत होते.

घरी येऊन डबी उजेडात धरली. बारीक हिंदी अक्षरांत लिहिलेलं होतं, तंबाखू. मी पदवीधर. रोज हातात असलेली डबी एकदाही वाचली नव्हती. सासूबाईंना ते वाचून दाखवलं. त्या उठून आत गेल्या.

दुसऱ्या दिवशी सकाळी डोकं फुटायला लागलं, हात थरथरायला लागले. मला याची सवय लागली आहे हे तोपर्यंत माझ्या डोक्यातच आलं नव्हतं. तिसऱ्या दिवशी मी चपला घालून कोपऱ्यावरच्या दुकानात गेले. एकदाच, जरासंच, असं स्वतःला बजावत. तेव्हा स्वतःची आली तेवढी किळस मला आजवर दुसऱ्या कुणाची आलेली नाही. दुकानदाराने मान हलवली. माँजी मना करून गेल्या आहेत, म्हणाला, सगळ्या पाऱ्यात सांगून गेल्या आहेत.

मी तणतणत घरी आले. सासूबाई स्वयंपाकघराच्या दारात कपाळाला फडकं घट्ट बांधून बसल्या होत्या. चाळीस वर्षांची सवय त्यांनीही त्याच दिवशी सोडली होती. तरी मी भांडले, रडले, चारचौघांत माझी अब्रू घालवली म्हणाले. त्यांनी सगळं ऐकून घेतलं.

"तुह्या नवऱ्याच्या आधी मले दोन झाले होते," त्या म्हणाल्या. "इवलेसे. एक दिवसभर जगला, दुसरा तेवढाही नाही. देवानं नेले म्हणून बसली मी. तवाही घासतच होती. मले कोणी इचारलंच नाही."

मी त्यांच्याजवळ खाली बसले. त्या दुपारी आम्ही दोघीही उठलो नाही.

मुलगी तीन आठवडे आधी झाली. वजन कमी, काही दिवस काचेच्या पेटीत ठेवावी लागली. पहिल्यांदा सासूबाईंच्या हातात दिली तेव्हा त्यांनी तिच्या तोंडाकडे पाहिलंसुद्धा नाही. नर्सला मराठी येत नाही हे विसरून त्यांनी तिलाच विचारलं, "ही उद्याही राहीन ना?"