नकाशातला कूलर

नव्वदच्या दशकात मी मुंबईत उंच इमारती काढायला शिकले. तीस-तीस मजल्यांच्या. ऑफिसात माझी ख्याती भांडखोर अशीच होती, कारण इमारत कुठल्या गावात उभी राहणार, तिथलं ऊन-वारं कसं, हे विचारल्याशिवाय मी पेन्सिल उचलत नसे. पावसाचा मारा ज्या बाजूने येतो तिथे खोल छज्जे हवेत, धुणं वाळायला वारा हवा, एवढंच माझं म्हणणं. काही ठिकाणी ते ऐकलं गेलं, बऱ्याच ठिकाणी नाही.

आई आर्वीला, वर्धा जिल्ह्यात. तिने माझी एकही इमारत पाहिली नव्हती. मुंबईला ये म्हटलं की म्हणायची, "तेथं आधीच एवढी गर्दी, त्यात मी कायले अजून? वर्धेले बांध एखांदी. एसटीत बसलं का पोचलं."

दोन हजारनंतर तो योग आला. वर्ध्यातल्या कापसाच्या एका व्यापाऱ्याला गावातली सगळ्यात उंच इमारत बांधायची होती. नऊ मजले, लिफ्टसकट. आपल्या जिल्ह्याची पोरगी म्हणून त्यांनी मुद्दाम मला बोलावलं. मी हरखून गेले, आईला लगेच फोन केला. मे महिन्यात तिथे राहून ऊन पाहिलं आणि पश्चिमेला जिने, लिफ्ट, न्हाणीघरं टाकली. खोल्या त्यांच्या आड. वर्ध्यात कूलरशिवाय उन्हाळा निघत नाही. म्हणून प्रत्येक घराला खिडकीबाहेर कूलरची जागा दिली, पुढे जाळी आणि पाण्याचा नळ. स्वतःवर भलतीच खूश होते मी.

शेठजींनी नकाशा पाहिला आणि त्यांचा चेहरा पडला. त्यांना समोरून वरपर्यंत काच हवी होती. "मॅडम, मुंबईले काचा, नि आमाले कूलरची जाळी? वर्धेच्या लोकायनं काऊन काचेत राहू नये?"

मी ऊन समजावून सांगू लागले. ऊन त्यांना माझ्याहून जास्त माहीत होतं. त्यांना अपमान वाटला होता. पण काच काही मी लावणार नव्हते. नकाशे गुंडाळले आणि उठले. आईला सांगितलं, शेठजींचं न् माझं बिनसलं.

"बिनसलं तं जमून जाते," ती म्हणाली.

पुढे एका उन्हाळ्यात तिला घेऊन वर्ध्याला दवाखान्यात निघाले होते. स्टँडवरून केलेला ऑटो शेठजींच्या त्या नऊ मजली इमारतीसमोर आला. दुसऱ्या कुणी तरी काढलेली, समोर सगळी काच. बाजूच्या भिंतीला मात्र लोकांनी लोखंडी अँगल ठोकून कूलर टांगले होते आणि पाणी भिंतीवरून गळत होतं. मला बरं वाटलं, खोटं कशाला बोलू.

आईने ऑटो थांबवायला लावला. खाली उतरून, कपाळावर हात धरून तिने वरपर्यंत पाहिलं. मग ऑटोवाल्याला म्हणाली, "माह्या पोरीनं बांधली हे."

"आई, ही माझी नाही," मी म्हटलं. तिला ते कूलर दाखवले, काच दाखवली, शेठजींशी का भांडले तेही सांगितलं. भर उन्हात उभं राहून तिने सगळं नीट ऐकून घेतलं.

"बरं केलं," ती म्हणाली. "मंग तुयी कोनती हाय? तेथं घेऊन चाल."

मी ऑटोवाल्याला म्हटलं, दवाखान्यात चला.