सोमवारी येणारी बाकं

शनिवारची मुलांची सभा भरायची आहे, मुलं जेवून हात धुऊन येताहेत, आणि मंदाबाई भिंतीला टेकून नुसते डोळे मिटतात. नुसते म्हणजे नुसतेच, झोप नव्हे; दुपारी पेंगणाऱ्या मास्तरणींची त्यांना भारी चीड. पण जेवण अंगावर येतं, त्याला कोण काय करणार?

डोळे मिटलेले, तरी वर्ग दिसतो. सतरंजी गेलीय. बाकांच्या रांगा आहेत आणि पहिल्याच बाकात मंदाबाई कोंबलेल्या आहेत. गुडघे हलत नाहीत, दोन्ही हात फळीखाली अडकलेत. शेजारी वत्सलाताई. ही शाळा ताईंनीच काढली. दोन वर्षांपूर्वी त्या वारल्या; पण तेवढ्यासाठी शाळेत यायचं थांबवतील अशी बाई नव्हेच ती.

आजच्या सभेत काय आहे, असं ताई विचारतात. मंदाबाई सांगून टाकतात: संस्थेला रांगा हव्यात, सोमवारी बाकं येणार, गोल बसणं बंद, सभाही बंद. मुलांना आज तेवढं सांगायचं.

"सांगायचं?" ताई म्हणतात. "विचारायचं नाही?"

वर्गाचा फलटणचा एसटी स्टँड होतो. बाक तेच. गाडी लागते, मुलं मुकाट रांगेनं चढतात. एकही भांडत नाही, कुठं जायचंय म्हणून एकही विचारत नाही. मंदाबाई त्यांना थांबवायला बघतात. ताईंशी कुजबुजता येतंय, पण मुलांना हाक मारता येत नाही. सभेचा नियम इथंही आहे. हात वर केल्याशिवाय कुणी बोलायचं नाही, बाईंनीसुद्धा. आणि हात तर फळीखाली.

"मी होकार देऊन बसलेय, ताई. नाही म्हटलं तर नोकरी जाईल. मला भीती वाटते."

"वाटू दे की. तेच सांग त्यांना."

ताई त्यांचं मनगट धरतात आणि हिसका देतात, आई गुंता सोडवताना केस ओढते तसा. कोपर फळीवर सोलवटतं. मंदाबाई कळवळतात.

डोळे उघडतात तर खाली सतरंजी आहे, भोवती मुलं गोल बसलीत, आणि बाईंचा उजवा हात सरळ वर. कोपराची साल निघालीय, रक्त आलंय. अख्ख्या वर्गात लाकडाची एक फळी नाही. घाबरून त्या हात खाली घेणार, तेवढ्यात सभेची आजची अध्यक्ष, तिसरीतली आफ्रीन, त्यांच्याकडे बोट करते.

"बाईंचा हात कधीचा वर आहे. बोला, बाई."